माणसांच्या नावांचे सिनेमे

अरविंद देसाई, अल्बर्ट पिंटो, मोहन जोशी, सलीम लंगडा, नसीम. सईद अख्तर मिर्झा यांच्या १९७८ ते १९९५ या काळातल्या पाचही चित्रपटांच्या नावात एकेक माणूस आहे. मोहन जोशी चाळीच्या दुरुस्तीसाठी कोर्टात झिजणारा म्हातारा, तर पिंटो गाड्या दुरुस्त करणारा मेकॅनिक.

हिंदी पडद्यावर मुसलमान म्हणजे नवाब, कव्वाल किंवा स्मगलर. १९८९ साली तिथे सलीम आला. तो भुरटा गुंड आहे, पण त्याला घर आहे, लग्नाची बहीण आहे. शिवाय उर्दू छापखान्यात प्रूफं तपासणारा अस्लमही त्याच मोहल्ल्यातला. उर्दू शिकवणाऱ्या मला हा अस्लम फार जवळचा वाटतो.

‘नसीम’मध्ये शाळकरी नात आणि आजारी आजोबा आहेत. आजोबा झालेत कैफी आझमी. १९९२च्या जूनपासून गोष्ट चालते. ६ डिसेंबरला, बाबरी पडते त्या दिवशी, आजोबा जातात. या चित्रपटाला दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नंतर मिर्झा बरीच वर्षं कथापटापासून दूर राहिले.

आपल्या मुलांना ‘नसीम’ जरूर दाखवा. इतिहासाच्या पुस्तकात तारीख सापडते. त्या दिवशी घरात काय झालं, ते इथे दिसतं.