उंबऱ्यावरची नाल

कोल्हापूरच्या जुन्या पेठांत एखाद्या घराच्या किंवा दुकानाच्या उंबऱ्यावर अजूनही घोड्याची नाल ठोकलेली दिसते. दृष्ट लागू नये, बरकत राहावी, एवढीच त्यामागची समजूत. घर हिंदूचं की मुसलमानाचं, हे त्या नालेवरून सांगता येत नाही.

'नाल' हा शब्द मूळचा अरबी. 'नअल' म्हणजे पायताण. कुरआनात सूरह ताहामध्ये हजरत मूसांना पवित्र खोऱ्यात पायताण काढायला सांगितलं जातं, तिथे हाच शब्द आहे. फारसीच्या वाटेने तो दख्खनमध्ये आला आणि घोडदळाबरोबर मराठीत रुजला. मराठेशाहीत मोहिमेआधी शिलेदारांना मिळणाऱ्या आगाऊ रकमेला 'नालबंदी' म्हणत. नाल ठोकणारा तो नालबंद. हे काम करणाऱ्या अनेक मुस्लिम कुटुंबांचं पुढे तेच आडनाव झालं.

घोडदळ गेलं, पण काम संपलं नाही. उसाच्या हंगामात गाडीचे बैल डांबरी रस्त्यावर चालतात, त्यांचे खूर झिजतात. बैलाचा खूर दुभंगलेला, म्हणून एका पायाला दोन पत्र्या लागतात. बैल दोरीने खाली पाडायचा, पाय बांधायचे, खूर तासायचा आणि जिवंत भागाला धक्का न लावता खिळे मारायचे. एक खिळा चुकला तर बैल लंगडतो आणि गाडीवानाचा हंगाम बुडतो. शेतकरी आपलं जित्राब नालबंदाच्या हाती देतो, तेव्हा त्याची जात-धर्म नव्हे, हात बघतो.

हीच नाल मोहरममध्येही भेटते. इ.स. 680 मध्ये करबलात शहीद झालेल्या इमाम हुसैन यांच्या घोड्याची आठवण म्हणून दख्खनमध्ये 'नालसाहेब' बसवतात. जाफर शरीफ यांच्या 1832 साली छापल्या गेलेल्या 'कानून-ए-इस्लाम'मध्ये त्याचं वर्णन आहे. कोल्हापुरात बाबूजमाल तालमीच्या पंजाचं नावच 'नाल्या हैदर'. हैदर म्हणजे सिंह, हजरत अलींची उपाधी. चांद्रवर्ष सुमारे 11 दिवसांनी लहान असल्याने मोहरम आणि गणेशोत्सव साधारण 32-33 वर्षांनी एकत्र येतात. 2018 आणि 2019 मध्ये तसे आले, तेव्हा या तालमीत गणपती आणि पंजा एकाच जागी बसले.

मी स्वतः लोखंडात बरकत मानत नाही. नफा-नुकसान अल्लाहच्या हाती आहे, ही माझी श्रद्धा. 'काळ्या घोड्याची नाल' म्हणून शनीच्या भीतीवर चालणारा धंदाही मला पटत नाही. पण समजुतीवर टीका करणं वेगळं आणि तिच्यात साठलेला इतिहास पुसणं वेगळं. आज नालसाहेबांपुढे नवस बोलणाऱ्याला आपल्यातलेच काही जण मुसलमान मानत नाहीत, आणि बाहेरचे काही जण नालबंदाला या मातीतला मानत नाहीत.

7 जून 2023 ला याच शहरात समाजमाध्यमांवरच्या स्टेटसवरून दगडफेक झाली. कोण इथला आणि कोण बाहेरचा, याचा निकाल तेव्हा मोबाईलच्या पडद्यावर लावला जात होता. तो लावणाऱ्यांपैकी कुणाच्या उंबऱ्यावर नाल असेल, तर तिचं नाव कुठल्या भाषेतून आलं आणि ती कुणी घडवली असेल, एवढं त्याने घरातल्या म्हाताऱ्यांना विचारावं.