निशाणी नांगर : गोतसभेच्या एका खुणेची कुळकथा

मराठा अमदानीतील वतनांच्या कज्ज्यांचे कागद चाळताना मोडी मजकुराच्या अखेरीस नावांची एक रांग लागते आणि त्यांतील अनेक नावांपुढे अक्षरांऐवजी छोटी चित्रे आढळतात. पाटलाच्या नावापुढे नांगर असतो, तोही पुरा रेखलेला नव्हे, तर तिरपे इसाड, उभे रुमणे आणि खाली फाळाचे टोक एवढ्या दोन-चार फटकाऱ्यांत उरकलेला. शेट्याचा, म्हणजे पेठेच्या वतनदाराचा तराजू, सुताराचे वाकस, चांभाराची आरी, महाराचा दोर, शिपाईगड्याची कट्यार अशा खुणा त्याच्या आगेमागे येतात, आणि वतनाची धनीण स्त्री असेल तर तिच्या नावापुढे बांगडी काढलेली असते. या खुणेला निशाणी म्हणत, आणि ‘निशाणी नांगर’ हे शब्द मराठी दप्तरांत ठायी ठायी येतात.

ज्या कागदावर या निशाण्या होत, त्याचे नाव महजर. मूळ अरबी शब्दाचा अर्थ हजेरी किंवा हजर राहण्याची जागा असा असून बहमनी राजवट व तिच्यातून फुटलेल्या शाह्यांच्या कारभारातून तो दख्खनेत रुळला. गावातील पाटील, कुळकर्णी, चौगुला, बलुतेदार आणि मिरासदार, म्हणजे वंशपरंपरेने जमीन धारण करणारे कुणबी, यांच्या समुदायाला गोत म्हणत. हे गोत निवाड्यासाठी एकत्र बसले की ती गोतसभा; परगण्याचे देशमुख-देशपांडे बसले की देशकसभा; आणि राजाचे अंमलदारही सामील झाले की ती मजालस. महजराच्या माथ्यावर ‘हाजिर मजालसी’ असे लिहून उपस्थितांची नावे हुद्द्यांसह मांडली जात. वादी-प्रतिवादी निवाडा मान्य करण्याचा राजीनामा आधी लिहून देत व जामीन देत. साक्षीपुरावा अपुरा पडल्यास प्रकरण दिव्यापर्यंतही जाई. अखेर हरलेला पक्ष आपली हार मान्य करणारे यजितखत देई, जिंकलेला सरकारात हरकी भरी आणि हरलेला गुन्हेगारी भरी. दंडाचे नाव फक्त बदले. पैसा दोघांकडूनही जाई.

निरक्षरांची सही म्हणजे निशाणी, अशी जी सर्वसाधारण समजूत आहे, ती अर्धीच खरी आहे. बहुतेक पाटलांना लिहिता येत नव्हते आणि नावे कुळकर्णीच लिहीत असे, हे मान्य केले, तरी निशाणी माणसाची नव्हती, वतनाची होती. बाप मेला आणि मुलगा पाटील झाला, तरी नांगर तोच राही. म्हणूनच पाटीलकी विकली किंवा वाटली जाई तेव्हा इनाम जमीन आणि हक्क-लवाजम्याबरोबर मानपानाची लांबलचक यादी होई : आधी विडा कोणी घ्यावा, होळीची पोळी कोणाची, पोळ्याला पुढचा बैल कोणाचा, आणि कागदावर नांगर कोणी आधी करावा. थोरल्या घराण्याचा नांगर वर आणि धाकट्याचा त्याखाली, एवढ्या बोटभर अंतरासाठी भाऊबंदकी पिढ्यान्‌पिढ्या चाले. आज हा हट्ट हास्यास्पद वाटेल. परंतु आधी नांगर करण्याचा मान हाच पुढच्या कज्ज्यात वडीलपणाचा पुरावा ठरत असल्याने तो सोडणे कोणालाही परवडणारे नव्हते. उत्तरेत बादशाही राजकारण खेळवणारे महादजी शिंदे स्वतःला पाटील म्हणवून घेण्यात भूषण मानीत, ते याच समाजात.

मात्र ज्याला वतन नाही त्याला निशाणी नाही. परगावाहून येऊन जमीन कसणाऱ्या उपऱ्याला या रांगेत जागा नव्हती. महाराचे स्थान त्याहून विपरीत होते : शिवेच्या वादात गावाची हद्द दाखवण्याचा अधिकार त्याचा, त्याच्या साक्षीवाचून असा निवाडा पुरा होत नसे, आणि तरी त्याची वस्ती गावकुसाबाहेरच होती. कागदावर त्याचा दोर पाटलाच्या नांगराच्याच पानावर उमटे, एवढ्यावरून या सभेला लोकशाही ठरवणाऱ्या अभ्यासकांनी गावगाड्याच्या या बाजूकडे डोळेझाक केली. 4 नोव्हेंबर 1948 रोजी घटना समितीत खेड्यांच्या स्वयंपूर्ण प्रजासत्ताकाच्या कल्पनेवर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी केलेला प्रहार, महार वतनाविरुद्ध त्यांनी 1928 पासून मुंबई कायदेमंडळात चालवलेल्या झगड्याच्या जोडीने वाचला, म्हणजे त्यामागचा अनुभव ध्यानात येतो.

पेशवाई बुडाल्यावर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने 1819 च्या अहवालात पंचायती टिकवण्याची बाजू मांडली. पण कंपनीच्या अदालती आणि रयतेशी थेट बांधलेला सारा यांपुढे गोताचे काम हळूहळू आटत गेले. वतनाच्या खुणेची जागा पुढे अंगठ्याने घेतली. अंगठा पाटलाचाही असू शकतो आणि उपऱ्याचाही. तो देहाची ओळख पटवतो, गावातील पायरी सांगत नाही, आणि या अर्थाने तो नांगरापेक्षा समतेचा ठरला. कायद्याने घडवलेली ग्रामपंचायत मुंबई इलाख्यात 1920 च्या अधिनियमाने बळावली, 1958 च्या अधिनियमाने तिला आजचा सांगाडा मिळाला, आणि 1962 च्या कायद्याने महसुली पाटलाचे पदच संपले.

हजेरीचे तत्त्व मात्र ग्रामसभेच्या रूपाने कायद्यात राहिले आहे. महाराष्ट्रात तिची गणपूर्ती एकूण मतदारांच्या 15 टक्के किंवा 100 मतदार, यांतील जी संख्या कमी असेल ती धरली जाते आणि उपस्थितांच्या सह्या-अंगठे नोंदवहीत घेतले जातात. गोतसभेत जे हजर त्यांच्याच निशाण्यांनी निवाड्याला बळ येई. ग्रामसभेत गणपूर्ती झाली नाही तर सभा तहकूब होते, आणि तहकूब सभा पुन्हा भरली की तिला गणपूर्तीची अट राहत नाही.