मीठ, नीळ आणि न्याय्य माप : रसायनांच्या निर्यात-व्यापाराचा ऐतिहासिक मागोवा

वसईच्या खाडीच्या उत्तरेस, नायगाव स्थानकाच्या निकट वसलेले उमेळे हे गाव आज नागरी वस्तीच्या विस्तारात सामावत चालले आहे. तरीही उमेळे-नायगाव-जूचंद्र या पट्ट्याची जुनी ओळख मिठागरांची आहे. भरतीचे पाणी बांधाआड अडवायचे, एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात खेळवीत उन्हात आटवायचे आणि वैशाखापर्यंत पांढऱ्या राशी उभ्या करायच्या, हा येथील पिढ्यानुपिढ्यांचा उद्योग. मीठ म्हटले की स्वयंपाकघर डोळ्यांपुढे येते. परंतु आधुनिक रसायन-उद्योगाचा विचार करता मीठ हे त्याचे आद्य बीज आहे. कॉस्टिक सोडा, सोडा ॲश आणि क्लोरीन ही तिन्ही मूलद्रव्ये व संयुगे मिठापासूनच निघतात. काच, साबण, कागद, कापड, औषधे व रंग या सर्वांचा पाया त्यांच्यावर उभा आहे. म्हणून रसायनांच्या निर्यातीचा आणि भावांचा इतिहास सांगताना मिठागराच्या बांधावरून आरंभ करणे सयुक्तिक ठरते.

मिठाचा भाव कोणी ठरविला?

मीठ हा स्वस्त, परंतु वजनदार माल. त्याच्या किमतीत उत्पादनाच्या खर्चापेक्षा वाहतुकीचा आणि करांचा वाटा नेहमीच मोठा राहिला. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडच्या चेशायर परगण्यातील मीठ लिव्हरपूल बंदरातून कलकत्त्यास येत असे. भारतातून कच्चा माल नेण्यासाठी येणाऱ्या जहाजांना येताना पोटात भार हवा असे, त्यामुळे हे मीठ अत्यल्प भाड्यात येई. बंगालच्या किनाऱ्यावरील देशी मीठ-उत्पादन या स्पर्धेपुढे आणि सरकारी धोरणापुढे टिकले नाही. समुद्र दाराशी असलेल्या प्रांताने सातासमुद्रापलीकडचे मीठ खावे, हा विपर्यास भावाच्या गणितानेच घडविला.

त्यावर कराचा बोजा होता. १८८२ मध्ये मणामागे २ रुपये असलेला मीठकर १८८८ मध्ये अडीच रुपयांवर गेला. पुढे तो टप्प्याटप्प्याने उतरून १९०७ मध्ये १ रुपयावर आला, १९१६ मध्ये सव्वा रुपया झाला, १९२३ मध्ये एकदम दुप्पट करण्यात आला आणि लोकक्षोभानंतर १९२४ मध्ये पुन्हा खाली आणावा लागला. मिठागरावर राबणाऱ्याच्या हाती पडणारी मजुरी आणि ग्राहकाने मोजलेली किंमत यांतील अंतर या आकड्यांत दडलेले आहे. १९३० च्या सत्याग्रहाने तेच जगापुढे मांडले. १९४७ मध्ये मीठकर रद्द झाला, त्या वेळी भारत मिठाची आयात करीत होता. १९५३ च्या सुमारास देश स्वयंपूर्ण झाला आणि पुढे निर्यातदार बनला. आज जपान, दक्षिण कोरिया आणि विशेषतः चीन येथील रसायन-कारखान्यांना भारतीय मीठ जाते.

या यशाचा मोठा वाटा मात्र गुजरातच्या पदरी पडला. कोकणात पाऊस मुबलक, त्यामुळे मिठाचा हंगाम आखूड. कच्छ-सौराष्ट्रात पाऊस अल्प आणि सपाट जमीन विस्तीर्ण. तेथील मोठ्या मिठागरांपुढे वसई परिसरातील लहान आगरांचा भाव टिकणे कठीण होते. येथील अनेक आगरांच्या ओसाडीमागे शहराच्या वाढीइतकेच हे निसर्गदत्त गणितही आहे.

नीळ : चढ-उताराचा जुना धडा

मिठाबरोबरच दुसऱ्या एका मालाचा विचार केल्याशिवाय हा इतिहास पूर्ण होत नाही. तो माल म्हणजे नीळ. भारताच्या प्राचीन निर्यातीत नीळ होती. सतराव्या शतकात अहमदाबादनजीकच्या सरखेजची नीळ सुरतेच्या बंदरातून इंग्रज व डच व्यापारी युरोपास नेत. या नीळीत वाळू मिसळली जाते, ही त्यांची नित्याची तक्रार होती. फ्रेंच प्रवासी ताव्हेर्निए याने तिच्या परीक्षेची रीत नोंदविली आहे : नीळीचा तुकडा जाळावा, शुद्ध नीळ जळून राख होते आणि वाळू तशीच राहते. पुढे वेस्ट इंडीजमधील नीळ बाजारात आली आणि युरोपीय गिऱ्हाईक तिकडे वळले. भेसळ हे याचे एकमेव कारण नव्हे, परंतु पर्याय उपलब्ध होताच संशयित माल प्रथम सोडला जातो, हे त्यातून दिसून आले.

अठराव्या शतकाच्या अखेरीस बंगाल-बिहारमध्ये नीळीची लागवड पुन्हा वाढली. रयतेवरील जुलमाच्या कहाण्यांनी तो अध्याय कलंकित आहे. त्याचा शेवट मात्र प्रयोगशाळेत झाला. आडॉल्फ फॉन बायर या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने नीळीची रचना उलगडली आणि १८९७ मध्ये बीएएसएफ या जर्मन कंपनीने कृत्रिम नीळ बाजारात आणली. त्या वर्षी वनस्पतीजन्य नीळीचे जागतिक उत्पादन सुमारे १९,००० टन होते. १९१४ पर्यंत ते सुमारे १,००० टनांवर आले. अवघ्या १७ वर्षांत शतकांचा व्यापार ओसरला. पहिल्या महायुद्धात जर्मन माल अडला तेव्हा भारतीय नीळीचे भाव पुन्हा भडकले आणि लागवड वाढली. परंतु युद्ध संपताच तेजीही संपली. संकटातून आलेली तेजी संकटाबरोबरच जाते, हा धडा रसायनांच्या बाजाराने पुढे अनेकदा गिरविला.

देशी उद्योगाची उभारणी

महायुद्धाने आणखी एक गोष्ट उघड केली. रंग, आम्ले व क्षार यांसाठी भारत मोठ्या प्रमाणात परावलंबी होता. १९२५ मध्ये जर्मनीत आय. जी. फार्बेन आणि १९२६ मध्ये इंग्लंडमध्ये इम्पीरियल केमिकल इंडस्ट्रीज हे बलाढ्य समूह एकत्रीकरणातून उभे राहिले. जगाच्या बाजारपेठा आणि भाव यांवर त्यांचा प्रभाव होता. अशा काळात सौराष्ट्रातील ध्रांगध्रा आणि १९३९ मध्ये मिठापूर येथे सोडा ॲशचे देशी कारखाने निघाले. मिठापूर या गावाचे नावच मिठाचे आहे.

स्वातंत्र्यानंतर रंगद्रव्यांच्या क्षेत्रात कस्तुरभाई लालभाई यांचे नाव अग्रस्थानी येते. शेठ आणंदजी कल्याणजी पेढीचे अध्यक्षपद दीर्घकाळ भूषविणाऱ्या आणि राणकपूर, देलवाडा आदी तीर्थांच्या जीर्णोद्धाराशी ज्यांचे नाव जोडले गेले, त्या कस्तुरभाईंनी १९४७ मध्ये वलसाडजवळ ‘अतुल’ची स्थापना केली. अमेरिकन सायनामिड या कंपनीच्या सहकार्याने उभ्या राहिलेल्या या प्रकल्पाचे उद्घाटन १९५२ मध्ये पंडित नेहरूंच्या हस्ते झाले. त्याच सुमारास मुंबईतील मशीद बंदर-वडगादी परिसर रंग व रसायनांची घाऊक पेठ म्हणून नावारूपाला आला. तेथील पेढ्यांवर गुजराती, कच्छी व मारवाडी व्यापाऱ्यांची आणि त्यांत जैन कुटुंबांची संख्या लक्षणीय होती. आयात मालाची दलाली, मग साठवण, मग लहानसा कारखाना आणि अखेर निर्यात, असा अनेक पेढ्यांचा प्रवास झाला.

१९६३ मध्ये रसायनांच्या निर्यातवृद्धीसाठी केमेक्सिल ही परिषद मुंबईत स्थापन झाली. ६ जून १९६६ रोजी रुपयाचे अवमूल्यन होऊन डॉलरचा दर ४.७६ रुपयांवरून ७.५० रुपयांवर गेला. जुलै १९९१ मध्ये पुन्हा अवमूल्यन झाले आणि परवानापद्धती शिथिल झाली. प्रत्येक अवमूल्यनाने निर्यातदाराचा माल परदेशात स्वस्त झाला, तसाच आयात होणारा कच्चा मालही महागला. नफा त्यांनाच झाला ज्यांचे मूळ द्रव्य देशात तयार होत होते.

भावांमागील यंत्रणा

रसायनांचे भाव सामान्य मालाप्रमाणे केवळ मागणी-पुरवठ्याने समजत नाहीत. मिठाच्या द्रावणातून वीज सोडली असता १ टन कॉस्टिक सोड्याबरोबर सुमारे ०.८८ टन क्लोरीन निघतो. त्यासाठी दीड टनांहून अधिक मीठ लागते. कॉस्टिक सोडा जहाजाने दूर जाऊ शकतो, विषारी क्लोरीन वायू जाऊ शकत नाही. क्लोरीनला जवळपास गिऱ्हाईक नसेल तर कारखान्याचे उत्पादनच घटवावे लागते. मग कॉस्टिक सोड्याची टंचाई होऊन त्याचा भाव चढतो, जरी त्याची मागणी वाढलेली नसली तरी. जोडउत्पादनाच्या या बंधनामुळे एका मालाची मंदी दुसऱ्या मालाची तेजी ठरते.

दुसरी गोष्ट शुद्धतेची. जुन्या पाऱ्याच्या विद्युतघटांची जागा मेंब्रेन सेलने घेतली, तेव्हा मिठाच्या द्रावणातील कॅल्शियम व मॅग्नेशियम यांचे अत्यल्प अंशही बाधक ठरू लागले. मिठागरावर मीठ साधारणतः २५ अंश बोमे घनतेला जमू लागते. २९-३० अंशांच्या पुढे मॅग्नेशियमयुक्त कडवट पाणी वेळीच सोडून दिले नाही तर मीठ मलिन होते. जुन्या आगरी कारागिरास हे पाणी केव्हा सोडावे ते नजरेने कळे. जगाच्या बाजाराने ज्याला ‘औद्योगिक प्रत’ म्हटले, त्याचे बीज त्या नजरेत होते.

तिसरी गोष्ट खरेदीदार देशांच्या नियमांची. जर्मनीने १९९४ मध्ये घातक अमाइन्स सोडणाऱ्या ॲझो रंगांवर निर्बंध घातले. भारतानेही १९९३ मध्ये बेंझिडीन-आधारित आणि १९९७ मध्ये आणखी ७० ॲझो रंगांवर बंदी आणली. २००७ मध्ये युरोपीय संघाचा ‘रीच’ कायदा अंमलात आला. भाव कितीही कमी असला तरी प्रमाणपत्राविना माल बंदरातच अडू लागला. याउलट, चीनने पर्यावरणाच्या कारणास्तव कारखाने बंद केले तेव्हा रंगांसाठी लागणाऱ्या मध्यवर्ती रसायनांचे भाव भडकले आणि भारतीय निर्यातदारांना संधी मिळाली. २०२१ मध्ये जहाजभाडी गगनाला भिडली. त्यानंतर साठे वाढले, चिनी माल स्वस्त झाला आणि २०२३ मध्ये भाव कोसळले. नीळीच्या युद्धकालीन तेजीचीच ही नवी आवृत्ती होती.

भावात न धरलेला खर्च

या संपूर्ण इतिहासात एक खर्च सातत्याने वगळला गेला. एच-ॲसिड हे रंगनिर्मितीतील महत्त्वाचे द्रव्य. प्रगत देशांनी त्याचे उत्पादन टाळले, मात्र मागणी कायम राहिली, म्हणून ते भारतात निर्यातीसाठी होऊ लागले. राजस्थानातील उदयपूरनजीकच्या बिछडी गावी १९८० च्या दशकाच्या अखेरीस सुमारे ३७५ टन एच-ॲसिड तयार झाले आणि त्यामागे सुमारे २,४४० टन विषारी गाळ उरला. विहिरींचे पाणी काळपट तांबडे झाले, शेते नासली. माल परदेशी गेला, गाळ गावात राहिला. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या प्रकरणी प्रदूषण करणाऱ्यानेच भरपाई द्यावी हे तत्त्व ठामपणे मांडले.

पालघर जिल्हाही या प्रश्नापासून दूर नाही. बोईसरच्या तारापूर औद्योगिक वसाहतीत रसायन-कारखान्यांची दाटी आहे आणि तेथील सांडपाणी नवापूरच्या समुद्रात जाते. मच्छीमारांच्या वतीने अखिल भारतीय मांगेला समाज परिषदेला राष्ट्रीय हरित लवादाकडे दाद मागावी लागली. ज्या खाड्यांचे पाणी आटवून एकेकाळी मीठ होत असे, त्याच किनाऱ्यावर पाण्याच्या शुद्धतेचा वाद न्यायासनापुढे गेला.

श्रावकाचाराचा निकष

बाराव्या शतकात कलिकालसर्वज्ञ हेमचंद्राचार्यांनी ‘योगशास्त्रा’त श्रावकाने टाळावयाच्या पंधरा कर्मादानांचे विवेचन केले. लाक्षावाणिज्यात त्यांनी लाखेबरोबर मनःशिला, नीळ व टंकणखार यांची गणना केली, तर विषवाणिज्यात हरताळाची. आजच्या भाषेत ही रसायनांचीच यादी होय. नीळीच्या कुंडांत असंख्य जीव नष्ट होतात, हे त्यांनी भावाच्या पलीकडे पाहिले होते. आचार्यांचा निषेध शब्दशः पाळणे आधुनिक व्यापाऱ्यास अवघड गेले, ही वस्तुस्थिती आहे. परंतु निषेधामागील प्रश्न आजही टळलेला नाही : या मालापायी कोणाच्या जीविताची किंमत मोजली जाते?

तिसऱ्या अणुव्रताच्या अतिचारांत तर निर्यात-व्यापाराची जणू आचारसंहिताच आहे. विरुद्धराज्यातिक्रम म्हणजे राज्याच्या निर्बंधांचे उल्लंघन, हीनाधिकमानोन्मान म्हणजे खोटी मापे आणि प्रतिरूपकव्यवहार म्हणजे अस्सलाच्या नावाने नकली माल. सरखेजच्या नीळीतील वाळू हा प्रतिरूपकव्यवहार होता. नाल्यात सोडलेले आम्ल आणि न मोजलेला गाळ हे हीनमानच आहे, कारण मालाच्या किमतीतील एक भाग त्यात लपविला जातो आणि तो विहिरीने, खाडीने वा मच्छीमाराने फेडावा लागतो.

भाव कोणा एका पेढीच्या हाती कधीच नव्हता. तो कधी लिव्हरपूलच्या रिकाम्या जहाजांनी ठरविला, कधी जर्मन प्रयोगशाळेने, तर कधी चीनमधील एखाद्या आदेशाने. व्यापाऱ्याच्या हाती राहिले ते माप आणि मालाची शुद्धता. तेजी-मंदीच्या लाटांत ज्यांनी ही दोन्ही जपली, त्यांना गिऱ्हाईक पुन्हा शोधत आले. पुढील पिढीने या मापात खाडीचे पाणीही मोजावे. तसे झाले तरच रसायनांचा व्यापार श्रावकाच्या हाती शोभेल आणि उमेळ्याच्या मिठागरांपासून सुरू झालेला हा हिशेब पूर्ण होईल.