‘भाऊ’ म्हटलं की वाटणी आली

परवा एका ग्रुपवर व्हिडिओ आला. जपानमधल्या ओसाका शहरात दहा हजार माणसं एका सभागृहात उभी राहून बेथोवेनच्या नवव्या सिंफनीतलं गाणं गाताहेत. खाली मराठीत मजकूर होता: शिलर या जर्मन कवीने मूळ कविता ‘स्वातंत्र्या’वर लिहिली होती, पण सेन्सॉरच्या भीतीने त्याने तिथे ‘आनंद’ हा शब्द घातला. व्हिडिओ खरा आहे. १९८३ पासून दर डिसेंबरला तिथे असा कार्यक्रम होतो. मजकूर मात्र खोटा आहे. आनंदाला जर्मनमध्ये ‘फ्रॉयडे’ म्हणतात, स्वातंत्र्याला ‘फ्रायहाइट’. शब्द जवळचे आहेत, म्हणून ही दंतकथा एकोणिसाव्या शतकापासून फिरते आहे. पुरावा शून्य.

पण गंमत अशी, की या कवितेत खरोखरच एक ओळ बदलली गेली. आणि ती कुठल्या सेन्सॉरने नाही, कवीनेच बदलली. त्या ओळीबद्दल कुणी फॉरवर्ड करत नाही, म्हणून ही पोस्ट. जरा लांबलीय, सवडीने वाचा.

फ्रीड्रिश शिलर. साल १७८५, वय २५. तीन वर्षांपूर्वी हा व्युर्टेम्बर्गच्या ड्यूकच्या पलटणीत डॉक्टर होता. स्वतःच्या नाटकाचा प्रयोग बघायला रजा न घेता गेला, म्हणून ड्यूकने १४ दिवस कोठडीत टाकलं आणि पुन्हा नाटक लिहायचं नाही असं फर्मान काढलं. शिलर पळून गेला. नंतरची वर्षं उधारउसनवारीची. अशात लाइपझिगच्या चार अनोळखी वाचकांचं कौतुकाचं पत्र आलं. त्यातला एक, क्योर्नर नावाचा वकील, पुढे त्याचा जिवाभावाचा मित्र झाला. त्याने शिलरला बोलावून घेतलं, त्याची देणी भागवली, राहायची सोय केली. त्याच वर्षी शिलरने ‘आनंदास’ ही कविता लिहिली.

म्हणजे बघा, जगातलं सगळ्यात गाजलेलं आनंदगीत हे कर्ज फिटलेल्या माणसाचं गाणं आहे! मुळात ते मित्रांच्या मैफलीत, हातात पेला घेऊन, कोरसमध्ये म्हणायचं गाणं. १७८६ मध्ये शिलरच्याच नियतकालिकात ते छापून आलं, सोबत क्योर्नरने दिलेली चाल. पुढे कितीतरी जणांनी चाली लावल्या. शूबर्टने १८१५ मध्ये लावली. चायकोव्हस्कीने १८६५ मध्ये रशियन भाषांतर घेऊन त्यावर आपली पदवी परीक्षेची रचना केली.

आता ती ओळ. १७८५ च्या पाठात शिलर म्हणतो, की आनंदाच्या पंखाखाली भिकारी हे राजांचे भाऊ होतील. ज्याला एका राजाने कोठडीत टाकलं आणि एका मित्राने कर्जातून काढलं, त्याच्यासाठी हे शब्द अलंकारिक नव्हते. भिकारी कोण आणि राजा कोण, दोन्ही त्याने जवळून पाहिलेले होते. शेवटच्या कडव्यात तर जुलमी सत्ताधीशांच्या साखळदंडातून सुटकेची मागणीसुद्धा होती.

मग फ्रान्समध्ये क्रांती झाली. क्रांतिकारी सरकारने १७९२ मध्ये शिलरला मानद नागरिकत्व दिलं, पण गिलोटिनवर चढणारी माणसं बघून शिलर क्रांतीपासून मनाने दूर गेला. १८०० साली त्याने क्योर्नरला पत्रात लिहिलं, की ही कविता वास्तवापासून तुटलेली आहे, तुला-मला तिचं मोल असेल, जगाला नाही. १८०२ मध्ये त्याला सरदारकीची पदवी मिळाली. त्याच सुमारास त्याने कविता दुरुस्त केली. भिकारी गेले, राजे गेले. त्यांच्या जागी आलं की सगळी माणसं भाऊ होतील. साखळदंडाचं शेवटचं कडवंही गेलं. पदवीमुळे ओळ बदलली असं मी म्हणणार नाही. पण ओळ मवाळ झाली, हे खरं.

बेथोवेनने घेतला तो हा दुरुस्त पाठ, तोही निवडक कडव्यांपुरता. ७ मे १८२४, व्हिएन्ना. मेटर्निखचा काळ, छापील शब्दावर पहारा. बेथोवेनला जवळजवळ काहीच ऐकू येत नव्हतं. शेवटी टाळ्यांचा कडकडाट झाला तरी त्याची पाठ श्रोत्यांकडेच होती, तेव्हा गायिका कारोलिनं उंगरने त्याला वळवून लोक दाखवले, असं सांगतात. हा प्रसंग सगळ्यांना ठाऊक असतो. पण सगळी माणसं भाऊ म्हणणारी ही सिंफनी छापली गेली ती प्रशियाच्या राजाला अर्पण करून, हे फारसं कुणी सांगत नाही. भिकारी-राजे असलेली जुनी ओळ असती, तर ही अर्पणपत्रिका जरा अवघड झाली असती, नाही का?

माझा मुद्दा हाच आहे. ‘सगळे’ हा शब्द फार सोयीचा. त्यात कोण मोजायचे, हे गाणाऱ्याने ठरवायचं.

१९ एप्रिल १९४२. हिटलरच्या वाढदिवसाच्या पूर्वसंध्येला बर्लिनमध्ये फुर्टवेंगलरच्या हाताखाली हीच सिंफनी वाजली. शेवटी गोबेल्स पुढे येऊन त्याच्याशी हस्तांदोलन करतो, ते चित्रीकरण आजही बघायला मिळतं. त्या वाद्यवृंदातले ज्यू वादक कधीच हुसकावले गेले होते. पोलंडमध्ये माणसं गॅसने मारली जात होती. आणि मंचावर ‘सगळी माणसं भाऊ’. एक अक्षर बदलावं लागलं नाही.

पुढच्याच वर्षी ऑशविट्झ छावणीच्या एका भागात, स्मशानभट्ट्यांच्या समोर, इम्रे नावाच्या एका कैद्याने ज्यू मुलांना हेच गाणं शिकवलं. त्या मुलांतला एक वाचला आणि पुढे जेरुसलेममध्ये इतिहासाचा प्राध्यापक झाला, ओट्टो डोव्ह कुल्का. आपण काय गात होतो हे त्याला नंतर कळलं. इम्रेने ते का शिकवलं असेल? माणुसकीवरच्या श्रद्धेपोटी, की भयंकर उपरोध म्हणून? कुल्का जन्मभर हा प्रश्न घेऊन राहिले. मलाही त्याचं उत्तर सुचत नाही.

युद्धानंतर, १९७२ मध्ये, कौन्सिल ऑफ युरोपने ही चाल युरोपचं गीत म्हणून निवडली. शब्द वगळून! इतक्या भाषांच्या खंडात एकट्या जर्मनमधले शब्द कसे चालतील? म्हणून भाषांतराचा प्रश्नच मिटवून टाकला. वादनाची बांधणी केली हर्बर्ट फॉन कारायानने, जो एके काळी नाझी पक्षाचा सदस्य होता. दोनच वर्षांनी, १९७४ मध्ये, ऱ्होडेशियाने, म्हणजे आजच्या झिंबाब्वेने, तीच चाल राष्ट्रगीतासाठी उचलली आणि स्पर्धा घेऊन इंग्रजी शब्द नवे लिहून घेतले. तिथे शंभरात जेमतेम पाच गोरे, आणि राज्य त्यांचं. बंधुत्वाची चाल, आणि भाऊ फक्त गोरे.

पण नाण्याची दुसरी बाजूही तितकीच खरी. १ जून १९१८ ला जपानच्या बांदो छावणीत जर्मन युद्धकैद्यांनी ही सिंफनी अख्खी सादर केली, आशियात पहिल्यांदाच. बायका नव्हत्या, म्हणून त्यांचे भाग पुरुषांच्या आवाजासाठी बसवले. छावणीचा प्रमुख मात्सुए स्वतः पूर्वी हरलेल्या बाजूच्या सामुराई घराण्यातला. हरलेल्याला कसं वागवावं, हे त्याला सांगावं लागलं नाही. चिलीत पिनोशेच्या काळात बायका तुरुंगाबाहेर उभ्या राहून याच चालीवरचं स्पॅनिश गाणं म्हणत, आतल्यांना ऐकू जावं म्हणून. १९८९ मध्ये तिआनानमेन चौकात विद्यार्थ्यांनी लाउडस्पीकरवर हीच सिंफनी लावली. त्याच वर्षी नाताळला, भिंत पडलेल्या बर्लिनमध्ये, लेनर्ड बर्नस्टाइनने ‘आनंद’ काढून खरोखरच ‘स्वातंत्र्य’ गाऊन घेतलं. म्हणजे दंतकथा त्या एका दिवसापुरती खरी झाली. आणि २०११ मध्ये त्सुनामीनंतर महिन्याभरात, परदेशी कलाकार जपानचे दौरे रद्द करत असताना, आपल्या मुंबईत जन्मलेले झुबिन मेहता तोक्योत गेले आणि मदतीसाठी त्यांनी नववीच वाजवली.

आता थोडं घरचं. पुण्यात जर्मन शिकत असताना बाईंनी आम्हाला या कवितेचा तुकडा मराठीत करायला दिला होता. मी मोठ्या ऐटीत वाचलं, की सगळी माणसं भाऊ होतील. मागच्या बाकावरून एक जण म्हणाला, “मग कोर्टात जातील!” सगळा वर्ग हसला. बाईंना जर्मनमध्ये ‘भाऊबंदकी’ समजावून सांगता सांगता आमचा घाम निघाला.

तेव्हा तो विनोद होता. आता वाटतं, त्या मुलाने शिलरपेक्षा खरं भाषांतर केलं. मराठीत भाऊ हा गळ्यात पडण्यापुरता नसतो. भाऊ म्हटलं की बांध आला, वाटणी आली, सातबाऱ्यावर नाव आलं. भिकारी हा राजाचा भाऊ, असं १७८५ चा शिलर म्हणाला तेव्हा त्यात वाटणीचा दावा होता. भाऊ असेल तर हिस्सा दे! ‘सगळी माणसं भाऊ’ म्हटल्यावर हिस्सा कुणी कुणाला द्यायचा, हेच गायब झालं. मग ते कुणालाही गाता आलं, कैद्याला आणि त्याच्या जेलरलाही.

मी पुढे ‘भाऊ’ खोडून ‘भावंडं’ केलं. मराठीत हा एक छान शब्द आहे, त्यात भाऊ-बहीण दोघं मावतात. शिलरला बहिणी आठवल्या नव्हत्या. उलट त्याच्या कवितेत एक कडवं आहे, बेथोवेननेही ते ठेवलंय: ज्याला एकही जिवलग जोडता आला नाही, त्याने रडत या मेळ्यातून निघून जावं. आनंदाच्या गाण्यातही दाराबाहेर कुणीतरी उभं आहेच. दर वेळी ते कडवं आलं की मी थोडी थांबते.

वडील गेल्यावर भावाने हक्कसोडपत्राचा कागद पुढे ठेवला. मी सही केली. भांडण नाही, दिवाळीला ओवाळायलाही जाते. तो गोड माणूस आहे, आणि भाषणात नेहमी म्हणतो, आम्ही सगळी भावंडं एक आहोत.

म्हणून यापुढे कुणी मंचावरून ‘आपण सगळे एक’ म्हणालं, तर टाळ्या वाजवा, गाणं तर जरूर ऐका. फक्त हळूच एक विचारा: उतारा काढलाय का? त्यावर कुणाकुणाची नावं आहेत?