पडद्यामागील कलावंत : नितीन चंद्रकांत देसाई

वाचकहो, चित्रपट पाहून आल्यावर आपण नटांची नावे घेतो, गाणी गुणगुणतो. परंतु ज्या किल्ल्यात, वाड्यात किंवा खेड्यात ती कथा घडली ते कोणी उभारले, याची चौकशी आपण सहसा करीत नाही. हे काम कलादिग्दर्शकाचे होय. आपल्या जिल्ह्यातील दापोली येथे ९ ऑगस्ट १९६५ रोजी जन्मलेले नितीन चंद्रकांत देसाई यांनी या क्षेत्रात देशभर नाव मिळविले.

मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये त्यांनी कलेचे शिक्षण घेतले. १९८७ च्या सुमारास कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली, फाळणीवरील 'तमस' मालिकेपासून त्यांची उमेदवारी सुरू झाली. पुढे 'चाणक्य' मालिका आणि '१९४२ : अ लव्ह स्टोरी' (१९९४) या चित्रपटाने ते प्रकाशात आले. 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' व 'देवदास' या चार चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले.

या कलेत निम्मा अभ्यास इतिहासाचा असतो. 'लगान'मधील कथा १८९३ सालची. तिच्यासाठी कच्छमध्ये भुजजवळ चंपानेर हे अख्खे खेडे उभारले गेले. 'जोधा अकबर' (२००८) साठी आग्र्याचा किल्ला कर्जतला अवतरला. अकबराचा धडा शिकविताना मुले हटकून त्याच चित्रपटाचा दाखला देतात. तेव्हा मला सांगावे लागते, 'बाळांनो, ती कलावंताची कल्पना आहे. पुरावा पाहायचा तर खरा किल्ला आग्र्याला आहे.' पण मुलांना प्रश्न विचारावासा वाटतो, हे श्रेय त्या कलावंताचेच.

२००५ मध्ये देसाई यांनी कर्जतजवळ सुमारे ५२ एकरांत स्वतःचा स्टुडिओ उभारला. मात्र कर्जाचा बोजा वाढत गेला, वसुलीची कारवाई सुरू झाली आणि २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत त्यांनी आपले जीवन संपविले. अठ्ठावन्नावा वाढदिवस अवघ्या सात दिवसांवर होता. ज्याने इतरांसाठी महाल उभे केले, त्याच्या मनावरचे ओझे कोणाला वेळीच दिसले नाही, ही खंत राहते. संकटात मदत मागणे कमीपणाचे नाही, हेही मुलांना शिकवायला हवे.

शेवटी एक कबुली. अभ्यासक्रम मागे पडला म्हणून चित्रकलेचा तास मीही इतिहासासाठी अनेकदा घेतला आहे. त्या तासाला मागच्या बाकावर वहीच्या समासात घरे, कमानी, होड्या रेखाटणाऱ्या मुलाला मी दटावलेही आहे. आता तसे करवत नाही. पालकहो, तुमचे मूल असे काही रेखाटत असेल तर वही हिसकावू नका. 'हे काय काढलेस?' एवढे तरी विचारा. दापोलीचा एक मुलगा याच वाटेने गेला होता.