शीव न ओलांडणारं गाव

इंग्लंडच्या डर्बीशायरमध्ये डोंगरात ईम नावाचं छोटं गाव आहे. तेव्हा ते मेंढ्या पाळणाऱ्यांचं, शिशाच्या खाणीत राबणाऱ्यांचं होतं. १६६५ साली तिथल्या शिंप्याकडे लंडनहून कापड आलं. त्यातल्या पिसवांबरोबर प्लेग आला, असं मानतात.

पुढच्या उन्हाळ्यात साथ भडकली. धर्मगुरू विल्यम मॉम्पेसन यांचं ऐकून गावानं ठरवलं, शीव ओलांडायची नाही. बाहेरचे लोक शिवेवर धान्य ठेवत. गावकरी दगडाच्या खळग्यात व्हिनेगर घालून त्यात पैसे टाकत.

मॉम्पेसन यांची मुलं आधीच दूर पाठवली होती. पत्नी कॅथरीन मात्र थांबली आणि ऑगस्टमध्ये गेली. त्याच महिन्यात एलिझाबेथ हॅनकॉकनं आठ दिवसांत नवरा आणि सहा लेकरं पुरली. खड्डेही तिनंच खणले, असं सांगतात.

गावात सुमारे २६० माणसं दगावली. साथ मात्र आसपास पसरली नाही. माळावर हॅनकॉकांच्या समाध्या आजही आहेत.

धर्मगुरूंचं नाव सगळे घेतात. आम्हांला एलिझाबेथ आठवते. तुमच्या गावातल्या साथीच्या आठवणी म्हाताऱ्या बायांना विचारा, बचत गटाच्या वहीत लिहून ठेवा.