पकडलेली गलबते मोजता येतात. निसटलेली कशी मोजावीत?

मित्रहो, आजच्या धाग्याचा विषय थोडा आडवळणाचा आहे. एखाद्या सीमेवरून विनापरवाना किती माणसे, किती नौका, किती माल पार झाला, हे इतिहासाच्या अभ्यासकाने शोधावे कसे? जो पकडला गेला त्याची नोंद चौकीच्या वहीत असते. जो निसटला त्याची नोंद कुठेच नसते, कारण नोंद न होणे हेच त्याचे यश. अमेरिका-मेक्सिको सीमेच्या बातम्यांमुळे हा प्रश्न आपल्याला आजचा वाटतो. आपल्या कोकण किनाऱ्यावर मात्र तो ५०० वर्षांपूर्वीच उभा राहिला होता.

१५०२ च्या सुमारास पोर्तुगीजांनी हिंदी महासागरात एक विलक्षण दावा मांडला. समुद्र आमचा, आणि त्यावरून जाणाऱ्या प्रत्येक व्यापारी नौकेने आमचा लेखी परवाना बाळगला पाहिजे. या परवान्याचे नाव कार्ताझ. त्यात नौकेचे नाव, नाखुद्याचे नाव, नौकेचा आकार, खलाशी, शस्त्रे, निघण्याचे व पोहोचण्याचे बंदर असा तपशील असे. मिरी आणि युद्धसामग्री नेण्यास मनाई असे. तुर्क उतारूंनाही बंदी असे, म्हणजे हे बंधन मालाइतकेच माणसांवरही होते. परवान्याची फी किरकोळच होती. खरी वसुली पुढे होई, कारण वाटेत पोर्तुगीज ठाण्यावर थांबून जकात भरण्याची अट त्यात असे. कागद नसेल, किंवा कागदावरील तपशील जुळत नसेल, तर नौका जप्त.

आमच्या जिल्ह्यातले दाभोळ तेव्हा आदिलशाहीचे नामांकित बंदर होते. (आज दाभोळ म्हटले की लोकांना एन्रॉन आठवते, तो प्रकल्पही दाभोळात नसून खाडीपलीकडे अंजनवेलला आहे.) वाशिष्ठीच्या मुखावरून अरबस्तान आणि इराणच्या आखाताकडे नौका जात, तिकडून घोडे येत. डिसेंबर १५०८ च्या अखेरीस दीवकडे निघालेल्या फ्रान्सिस्को द अल्मेदाने हे बंदर लुटून जाळले. पुढे १५१० मध्ये गोवा, १५११ मध्ये मलाक्का आणि १५१५ मध्ये होर्मूझ पोर्तुगीजांच्या हाती आले. १५१३ मध्ये अल्बुकर्कने एडनवरही हल्ला केला, पण तिथे त्याला अपयश आले. ही एकच जागा पुढे फार महागात पडली, कारण तांबड्या समुद्राचे तोंड उघडे राहिले.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. ही व्यवस्था कितपत परिणामकारक होती?

पोर्तुगीज वृत्तान्त वाचले तर वाटते की समुद्रावर त्यांच्या नजरेतून मासाही सुटत नसावा. अमुक नौका पकडली, तमुक जाळली, इतका माल हाती लागला. पण हे आकडे नेमके काय मोजतात? समजा एका वर्षी १० नौका पकडल्या आणि पुढच्या वर्षी २०. याचा अर्थ गस्त सुधारली, की परवाना चुकवणारे वाढले? समजा तिसऱ्या वर्षी दोनच सापडल्या. मग लोक घाबरून कायदा पाळू लागले, की त्यांना नवी वाट सापडली, की गस्तीच्या कप्तानाने डोळे मिटले? एकाच आकड्याचे तीन परस्परविरोधी अर्थ निघतात, आणि वहीत फक्त आकडा असतो.

आधुनिक काळातही हेच घडते. अमेरिकेच्या सीमा गस्ती दलाने २००० या आर्थिक वर्षात मेक्सिकोच्या सीमेवर १६ लाखांहून अधिक अटका नोंदवल्या. २०११ मध्ये त्या सव्वातीन लाखांच्या आसपास आल्या. यात पहिली गोम अशी की मोजली जाते ती अटक, माणूस नव्हे. एकच माणूस वर्षात चार वेळा परत पाठवला गेला तर नोंदी चार होतात. दुसरी गोम अशी की घट झाली त्या काळात पहारा वाढला होता हे खरे, पण २००८ च्या मंदीने अमेरिकेतली बांधकामाची कामे आटली होती आणि मेक्सिकोतला जन्मदर कित्येक वर्षे घसरत आलेला होता. श्रेय कोणाला किती द्यायचे, हे चौकीच्या वहीवरून ठरवता येत नाही.

मग अभ्यासकांनी युक्ती काढली, आणि मला ती फार आवडते. सीमेवर मोजू नका. सीमेपासून दूर जाऊन मोजा. अमेरिकेच्या जनगणनेत परदेशात जन्मलेले जितके लोक सापडतात, त्यातून कायदेशीर नोंद असलेले वजा करा; उरलेले ते विनापरवाना आलेले. १९८० च्या जनगणनेवर हा हिशेब केला तेव्हा सुमारे २० लाखांचा आकडा निघाला. दुसरी तऱ्हा मेक्सिकन मायग्रेशन प्रोजेक्टची. १९८२ पासून त्याचे अभ्यासक मेक्सिकोतल्या गावांत जाऊन विचारत आले आहेत की तुम्ही किती वेळा प्रयत्न केला आणि किती वेळा पकडले गेलात. त्यातून दिसले की अनेक जण एकदा पकडले जात, पण पुन्हा प्रयत्न करून बहुतेक जण अखेर पार होत.

सोळाव्या शतकातल्या खलाशांना असे विचारणे शक्य नाही. पण ‘दूर जाऊन मोजणे’ शक्य आहे, आणि फ्रेडरिक लेन या इतिहासकाराने १९४० मध्ये नेमके तेच केले. त्याने गोव्याचे दप्तर बाजूला ठेवून व्हेनिसचे दप्तर उघडले. युक्तिवाद साधा आहे. पोर्तुगीजांची नाकेबंदी पक्की असेल, तर तांबडा समुद्र आणि अलेक्झांड्रिया या मार्गाने व्हेनिसला मिरी पोहोचताच कामा नये. शतकाच्या सुरुवातीला ती खरोखरच घटली होती. पण १५६० च्या दशकाच्या आरंभी अलेक्झांड्रियाहून व्हेनिसला जाणारी मिरी पोर्तुगीज येण्यापूर्वी जितकी जात होती तितकीच, किंबहुना किंचित अधिकच, भरली! समुद्राच्या मालकाची नजर चुकवून मिरी जहाजेच्या जहाजे भरून जात होती.

ती गेली कुठून? बरीचशी सुमात्रातील आचेहून, मालदीवच्या बाजूने थेट तांबड्या समुद्राकडे. गोव्याच्या गस्तीला वळसा घालून. पहारा एका जागी आवळला की वाट दुसरीकडे फुटते. १९९४ मध्ये अमेरिकेने सान दिएगोजवळ कडक पहारा बसवला, तेव्हा तिथल्या अटका घटल्या आणि लोकांचा ओघ ॲरिझोनाच्या वाळवंटाकडे वळला. सान दिएगोपुरता अहवाल वाचला तर मोहीम यशस्वी ठरते.

लेनच्या आकड्यावरून ‘कार्ताझ म्हणजे निव्वळ कागदी वाघ’ असा निष्कर्ष काढण्याची घाई मात्र करू नये. या काळात युरोपातली मिरीची मागणी वाढली होती आणि आशियातले उत्पादनही वाढले होते. नाकेबंदी नसती तर व्हेनिसला कदाचित याहून पुष्कळ अधिक मिरी गेली असती. शिवाय त्या मिरीतली सगळीच ‘चोरटी’ नव्हती. पोर्तुगीज अधिकारीच खासगीत परवाने विकत आणि स्वतः मिरीचा व्यापार करत. पहारेकरीच भागीदार असेल तर तो माल कायदेशीर म्हणावा की बेकायदा?

ज्यांना चुकवाचुकवी परवडत नव्हती त्यांचीही गोष्ट सांगायला हवी. मिरीच्या गोणीला वळसा घालता येतो. सुरतेहून मक्केला निघालेल्या यात्रेकरूला तो घालणे कठीण. अकबराची आत्या गुलबदन बेगम १५७५ मध्ये फतेहपूर सिक्रीहून हजला निघाली, पण परवान्याच्या घोळात तिला सुरतेत बराच काळ तिष्ठावे लागले. बादशहाच्या घराण्याची ही गत! बदायुनी लिहितो की मखदूम-उल-मुल्कने, कार्ताझवर मेरी आणि येशू यांच्या प्रतिमा असतात, म्हणून समुद्रमार्गे हज बंधनकारक राहिलेली नाही, असा निर्वाळा दिला होता. अशा निर्वाळ्यामुळे घरीच थांबलेले यात्रेकरू कोणत्या वहीत मोजायचे? पहाऱ्याचा कदाचित सर्वांत मोठा परिणाम हाच, आणि त्याचा मागमूस आकड्यांत नाही. दुसरीकडे, १६१३ मध्ये जहांगीरच्या आईचे ‘रहीमी’ हे जहाज परवाना असूनही पोर्तुगीजांनी पकडले. म्हणजे जप्तीच्या यादीतली प्रत्येक नौका गुन्हेगार होती असेही नाही.

अठराव्या शतकात पारडे फिरले. कान्होजी आंग्रे यांनी कोकणच्या समुद्रात आपले दस्तक सुरू केले. ते न घेणाऱ्या नौकेवर गुराबा आणि गलबते सोडली जात. तत्त्व तेच, जे पोर्तुगीजांचे आणि स्वतःचे परवाने देणाऱ्या इंग्रजांचेही होते. तरी इंग्रजी कागदांत कान्होजी ‘चाचे’ ठरले. त्यामुळे इंग्रज कंपनीच्या दप्तरातून ‘आंग्र्यांनी पकडलेली जहाजे’ मोजताना लक्षात ठेवावे, की मराठ्यांच्या बाजूने पाहिल्यास ती ‘विनापरवाना शिरलेली जहाजे’ आहेत. आणि आंग्र्यांच्या जरबेचे मोजमाप त्या यादीइतकेच कंपनीच्या खर्चात शोधावे लागते: लढाऊ जहाजांची बांधणी, व्यापारी तांड्यांसोबत द्यावे लागणारे संरक्षण, १७१७ आणि १७२० मधल्या विजयदुर्गावरच्या फसलेल्या मोहिमा. १७५५ मध्ये हर्णैचा सुवर्णदुर्ग पडला आणि फेब्रुवारी १७५६ मध्ये विजयदुर्गाखाली आंग्र्यांचे आरमार जळाले. त्यानंतर दस्तकाचा धाक संपला.

हा किनारा त्यानंतरही पहाऱ्याचाच राहिला. १९९३ मध्ये रायगडातल्या शेखाडीला स्फोटके उतरली, आणि पुढे खटल्यात काही सीमाशुल्क अधिकाऱ्यांनाही शिक्षा झाली. त्याच वर्षी नौदल आणि तटरक्षक दलाची ‘ऑपरेशन स्वान’ ही संयुक्त गस्त सुरू झाली. नोव्हेंबर २००८ मध्ये कराचीहून आलेले हल्लेखोर मुंबईजवळ पोहोचले ते ‘कुबेर’ या नौकेतून. ती वाटेत बळकावलेली, गुजरातेत नोंदलेली भारतीय मच्छीमार नौका होती, त्यामुळे कोणाला संशय यावा असे तिच्यात काही नव्हते. त्यानंतर मच्छीमारांना बायोमेट्रिक ओळखपत्रे आली, राज्यागणिक नौकांचे रंग ठरले. रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदरातून पहाटे समुद्रात जाणाऱ्या खलाशाच्या खिशात आज ते कार्ड असते. त्यावर त्याचे नाव असते आणि छायाचित्र असते; मेरी आणि येशू तेवढे नसतात.